वायसरांचा डाव

१९४३ साली, म्हणजे दुसरे महायुद्ध ऐन भरात असताना, हिंदुस्थान सरकारच्या टांकसाळीने धातूच्या टंचाईपायी मधोमध वाटोळे भोक असलेला एक पैसा चलनात आणला, आणि आमच्या गावच्या लोहाराने तो हातात घेऊन क्षणभर न्याहाळल्यावर, त्यावरील राजमुकुटाचा यत्किंचितही मुलाहिजा न ठेवता, एका बैलगाडीच्या बोल्टाखाली बसवून टाकला. बाजारातून वायसर आणायचा तर पैशाहून अधिक पडे. तेव्हा पैशालाच वायसर करणे किफायतीचे, असा त्याचा सरळ हिशेब होता. नाण्याचा वायसर होऊ शकतो हे मला त्या दिवशी कळले. वायसराचे खेळणे होऊ शकते हे कळायला मात्र पुढे साठ वर्षे जावी लागली, आणि त्यासाठी मुलीच्या घरी, अमेरिकेच्या मिझुरी संस्थानात, सेंट लुइस शहराच्या वेशीबाहेरील एका वसाहतीत उन्हाळा काढण्याचा योग यावा लागला.

वॉशर या इंग्रजी शब्दाला आमच्या नळवाल्यांनी आणि गाड्या दुरुस्त करणाऱ्या मंडळींनी ‘वायसर’ असे जे घरगुती रूप दिले आहे, तेच मी या लेखात वापरणार आहे. कारण ज्या वस्तूला शिष्ट समाजात स्थान नाही तिला शिष्ट उच्चारही कशाला हवा? नट आवळताना लाकडाला किंवा पत्र्याला खड्डा पडू नये, भार थोड्या अधिक जागेवर पसरावा, एवढ्यासाठी मध्ये घातलेली ही लोखंडी चकती. यंत्र चालते तेव्हा तिचे नाव कोणी घेत नाही, आणि यंत्र खोलले की सर्वांत आधी हरवते ती तीच.

एका रविवारी सायंकाळी शेजारच्या परसातून ‘टण्ण’ असा आवाज आणि पाठोपाठ हशा ऐकू आला म्हणून मी कुंपणावरून डोकावलो. हिरवळीवर वीस-बावीस फुटांच्या अंतराने दोन उथळ चौकोनी पेट्या ठेवलेल्या होत्या. प्रत्येकीच्या तळाशी गालिच्याचा तुकडा आणि बरोबर मध्यभागी नळाचे एक आखूड उभे नळकांडे. आणि चार प्रौढ माणसे, ज्यांपैकी दोघांचे केस माझ्याइतकेच पिकलेले होते, एका पेटीजवळ उभी राहून दुसऱ्या पेटीकडे तळहाताएवढ्या लोखंडी चकत्या फेकण्यात, जणू काही जगात अन्य कोणतेही कर्तव्य उरलेले नाही अशा तन्मयतेने, गढून गेली होती. पेटीत पडेल तर एक गुण, नळकांड्यात पडेल तर तीन, बाहेर पडेल तर काही नाही, आणि प्रथम एकवीस करील तो जिंकला. खेळ इतकाच. घरमालक वृद्ध गृहस्थांचा सारा जन्म नळजोडणीच्या धंद्यात गेलेला होता. त्यांनी मला हाताने खूण करून आत बोलावले, माझ्या हातात चार चकत्या दिल्या, आणि माझी पहिलीच चकती धारेवर पडून गडगडत त्यांच्या पत्नीच्या फुलांच्या वाफ्यात गेली तेव्हा हसू आवरण्याचा प्रामाणिक प्रयत्नही केला.

या खेळाला मिझुरी आणि इलिनॉय या भागांत ‘वॉशर्स’ एवढेच म्हणतात. टेक्ससकडे तो जमिनीत गल खणून किंवा तीन भोकांच्या लांब फळीवर खेळतात, आणि त्या फळीवर भोक जितके दूर तितके गुण अधिक, म्हणजे एक, तीन, पाच, अशी चढती भाजणी असते. कॅनडाच्या पूर्व किनाऱ्यावरील प्रांतांत त्याचे नाव ‘वॉशर टॉस’. त्याचे कुळ पाहू गेल्यास तो घोड्याच्या नालेच्या खेळाचा धाकटा, आणि थोडा दरिद्री, भाऊ ठरतो. नालेच्या खेळात चाळीस फुटांवर दोन लोखंडी खुंट पुरलेले असतात आणि सुमारे सव्वा शेर वजनाची नाल फेकून ती खुंटात अडकवायची असते. त्याला खड्डे हवेत, वाळू किंवा चिखलमाती हवी, मनगटात जोर हवा, आणि मुख्य म्हणजे कायमची जागा हवी. ज्याच्यापाशी यांतले काहीच नाही त्याने काय करावे? त्याने खिशातून चार वायसर काढावेत, जमिनीत एक रिकामा डबा पुरावा, आणि फेकू लागावे. म्हणूनच याला गरिबाचा नालेचा खेळ असे तिकडे म्हणतात, आणि ते म्हणताना त्यांच्या स्वरात कमीपणा नसतो. माझे बालपण गोट्यांच्या गलीभोवती गेलेले असल्यामुळे, जमिनीतला खड्डा आणि त्यात अचूक जाऊन पडणारी वस्तू यांमधील आनंद मला कोणी समजावून देण्याची गरज नव्हती.

खेळ जन्मला कुठे, याविषयी टेक्ससचे लोक एक कथा सांगतात. १० जानेवारी १९०१ रोजी ब्यूमाँट गावाजवळ स्पिंडलटॉप येथे जमिनीतून तेलाचा कारंजा उसळला आणि त्या प्रांताचे नशीब पालटले, हे तर इतिहासात नमूदच आहे; त्या तेलाच्या मनोऱ्यांवर राबणारे मजूर, पाळ्यांच्या मधल्या रिकाम्या वेळात, मनोऱ्याच्या अजस्र बोल्टांचे वायसर जमिनीतल्या खड्ड्यांत फेकू लागले आणि तोच हा खेळ, अशी ती आख्यायिका. मला ती आवडते, परंतु दप्तरात पुरावा मागणाऱ्या माणसाचे तिने समाधान व्हायचे नाही. माझा स्वतःचा कयास असा की बोल्ट आणि फावला वेळ ही दोन जेथे जेथे एकत्र आली, मग ते शेत असो, रेल्वेचे यार्ड असो की गिरणी, तेथे तेथे हा खेळ कोणाच्याही परवानगीवाचून पुन्हा पुन्हा जन्मला असावा. वजनदार चकती नेमकी टाकण्याची हौस ही तशी कोणा एका देशाची मिरास नाही. कोलंबियात तर ‘तेहो’ नावाच्या खेळात चिकणमातीत दारूच्या पुड्या ठेवून त्यांवर लोखंडी चकती आपटतात आणि नेम लागला की बार उडतो.

जन्मकथा संदिग्ध असली तरी या खेळाचा स्मृतिकार कोण हे मात्र मला बरेचसे निश्चित सांगता येईल, आणि खेळाडूंपैकी क्वचितच कोणी त्याचे नाव ऐकले असेल. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत अमेरिकेत प्रत्येक कारखान्याचे मळसूत्र निराळे होते. एका कारखान्याचा नट दुसऱ्याच्या बोल्टावर चढेल तर शपथ. इंग्लंडात जोसेफ व्हिटवर्थने १८४१ साली आट्यांचे एक प्रमाण सुचवले होते. अमेरिकेत १८६४ साली फिलाडेल्फियाच्या विल्यम सेलर्स या यंत्रकाराने फ्रँकलिन इन्स्टिट्यूटपुढे निबंध वाचून, साठ अंशांच्या कोनाचे, कोणत्याही साध्या कारागिराला काढता येण्याजोगे आटे सर्वांनी स्वीकारावेत असे प्रतिपादन केले, आणि पुढे तेच त्या देशाचे प्रमाण झाले. बोल्ट ठरला म्हणजे नट ठरला, नट ठरला म्हणजे त्याखालचा वायसर ठरला. आणि आज मिझुरीच्या कोणत्याही हार्डवेअरच्या दुकानात एक इंची बोल्टाचा प्रमाण वायसर मागितला तर जी चकती हाती येते, तिचा बाहेरचा व्यास अडीच इंच, म्हणजे आमच्या कारखान्यांच्या भाषेत वीस सूत, भोक एक इंचाहून अर्धे सूत मोठे, जाडी सव्वा सुताच्या आसपास आणि वजन सुमारे ८५ ग्रॅम, जुन्या मापाने सात तोळ्यांहून थोडे अधिक, असे भरते. खेळाची चकती ती हीच. ती कोणा क्रीडातज्ज्ञाने प्रयोगांती निवडलेली नाही. दुकानात तीच होती.

आणि जे चकतीचे तेच बाकी सर्वांचे. नळकांडे चार इंची का, तर घराच्या सांडपाण्याचा नळ चार इंची असतो म्हणून. पेटीची उंची साडेतीन इंच का, तर बांधकामाची फळी तेवढी रुंद मिळते म्हणून. तळाला गालिचा का, तर खोलीत अंथरून उरलेला तुकडा अडगळीत पडलेला असतो म्हणून. पुण्याच्या डेक्कन जिमखान्याने १९१४ साली खो-खोचे नियम बांधले तेव्हा जाणत्या मंडळींनी बसून, वाद घालून, मापे मुक्रर केली. आमच्या विटीदांडूत तर माप दांडूनेच मोजावयाचे, मग तो दांडू कोणाचाही असो. वायसरांच्या डावाला अशी कचेरी लाभली नाही आणि तिची उणीवही भासली नाही. त्याची सनद हार्डवेअरच्या दुकानाने लिहून दिली. आणि घरी हा संच तयार करणारा माणूस करवत हाती घेतो तेव्हा, नकळत, त्या सनदेचे एकेक कलम वाचत असतो. मी ते वाचले, आणि पहिल्याच कलमाला अडखळलो.

शेजारी म्हणाले होते की दहा फुटी एका फळीत दोन्ही पेट्या होतात. मी कागदावर मांडणी केली: पेटी बाहेरून सोळा इंच चौरस, फळी ‘टू बाय फोर’, म्हणजे दोन इंच जाड व चार इंच रुंद, तेव्हा दोन बाजू सोळा-सोळा इंचांच्या आणि त्यांच्या मधोमध बसणाऱ्या उरलेल्या दोन बाजू, दोन्हीकडची जाडी वजा जाता, बारा-बारा इंचांच्या. एका पेटीला छप्पन्न, दोहोंना एकशे बारा, फळी एकशे वीस इंच. करवतीचे दाते जे खातील ते सोडूनही सहा-सात इंच शिल्लक. आयुष्यभर पाटबंधारे खात्यात अंदाजपत्रके तपासलेल्या माणसाला या गणितात खोट दिसेना. जावईबापूंनी यांत्रिक करवत आणून दिली, मी स्वतः आठही तुकडे काटेकोर कापले, गुण्या लावून जुळवले, आणि चौकट उभी राहिली ती एका बाजूने सोळा व दुसऱ्या बाजूने पंधरा. खालचे प्लायवुड, जे मी सोळाच्या चौरसात आधीच कापून ठेवले होते, ते एका अंगाने इंचभर बाहेर डोकावू लागले.

शेजारी कुंपणापाशी आले, त्यांनी फळीवर अंगठा ठेवला, आणि म्हणाले, “टू बाय फोर हे हिचे नाव आहे. माप दीड बाय साडेतीन.” ओले लाकूड गिरणीत प्रथम चिरतात तेव्हा ते दोन बाय चारच्या आसपास असते, मग ते वाळते, आटते, चारही अंगांनी रंधले जाते, आणि दुकानात येईतो दीड बाय साडेतीन उरते, नाव मात्र जन्माच्या वेळचेच चालू राहते. यात कोणी कोणाला फसवीत नाही, कारण ही गोष्ट तिकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक असते. सहस्रबुद्धे आडनावाच्या गृहस्थाला हजार बुद्धी असण्याची सक्ती आपण तरी कोठे करतो? नळाची तऱ्हा आणखी न्यारी. चार इंची नळाचा बाहेरचा व्यास साडेचार इंच भरतो आणि आतला चार. म्हणजे लाकडाचे नाव त्याच्या गतवैभवावरून पडलेले आणि नळाचे नाव त्याच्या पोकळीवरून. हे ऐकल्यावर मी माझे अंदाजपत्रक मुकाट्याने घडी करून खिशात घातले.

उपाय त्यांनीच सांगितला. लांब बाजूंचा एकेक इंच उडवा, प्लायवुडही पंधराचे करा. दोन्ही पेट्या सारख्या असल्या म्हणजे झाले, अन्याय झालाच तर तो दोन्ही पक्षांवर समान होईल. त्याप्रमाणे आमच्या पेट्या पंधरा इंच चौरस, आतून बारा इंच, अशा ठरल्या, आणि पेटी काटकोनात आहे की नाही हे पाहण्यासाठी कर्ण मोजले तेव्हा ते एकवीस इंच आणि वर पावणेदोन सूत असे दोन्हीकडे समान भरले. एकवीस हा आकडा पाहून, डाव एकवीस गुणांचा असल्यामुळे, मला उगाचच शुभशकुन झाल्यासारखे वाटले.

आता सुतारकामाविषयी थोडे. सूचिपर्णी वृक्षाचे ते मऊ लाकूड दिसायला गरीब, पण टोकाशी स्क्रू घुसवू गेल्यास उभे चिरते. म्हणून प्रत्येक स्क्रूसाठी आधी त्याहून बारीक भोक पाडून घ्यावे लागते, आणि ज्याला या कामाचा कंटाळा येईल त्याने पेटी करण्याच्या भानगडीत पडू नये. कोपऱ्याला दोन-दोन अडीच इंची स्क्रू पुरेसे होतात; सरस लावला तर उत्तमच, कारण अंगावर वर्षभर आदळणाऱ्या चकत्यांनी सांधे ढिले होतात. तळाला अर्ध्या इंचाचे प्लायवुड खालून ठोकायचे, आणि त्याच्या चार कोपऱ्यांत चार भोके पाडायची, कारण पेटी रात्री हिरवळीवर विसरली जाणार आणि पाऊस येणार, ही गोष्ट गृहीत धरलेली बरी. कडा काचपेपरने घासून वर अळशीचे उकळलेले तेल, ज्याला आपले रंगारी बेलतेल म्हणतात, त्याचे दोन हात दिले. रंग देण्याचा आग्रह जावईबापूंचा होता, पण लाकडाच्या रेषा झाकण्यास माझे मन घेईना.

नळ कापण्यात कसब आहे. नळ वाटोळा, करवत सरळ. कितीही जपले तरी काप तिरका जातो आणि नळकांडे तळावर डुगडुगते. इथे त्या वृद्ध गृहस्थांनी आपल्या धंद्यातली एक युक्ती दाखवली, जी पाहून मला पन्नास वर्षे उशिरा का होईना, भूमितीविषयी नवा आदर वाटू लागला: कागदाचा एक रुंद पट्टा नळाभोवती असा गुंडाळायचा की त्याची कड स्वतःशीच तंतोतंत जुळावी, ती जुळली की ती कड नळाच्या अक्षाशी काटकोनातच असते, तिच्यावर पेन्सिल फिरवायची, आणि नळ थोडाथोडा फिरवीत त्या रेघेवरून कापायचा. साडेतीन इंचांची दोन नळकांडी अशी निघाली. त्यांची उंची चौकटीइतकीच ठेवायची, वर येऊ द्यायची नाही. कारण दोन्ही पेट्या तोंडाला तोंड लावून, एका बाजूस बिजागऱ्या, दुसऱ्या बाजूस कडी आणि वर मूठ बसवली की सगळा संच प्रवासी पेटीसारखा मिटतो व वायसर आतच राहतात. नळकांडे तळाला दोन लहान एल-पट्ट्यांनी आतून पक्के करायचे. त्याची आतली कड कानशीने किंचित उतरती करावी, हे मात्र माझे स्वतःचे कलम आहे, आणि त्याचे कारण पुढे येईल.

गालिच्याला मी आधी शोभेची वस्तू समजलो होतो. तो काढून, नुसत्या फळीवर, मी हट्टाने दोन डाव खेळून पाहिले: पाव शेराचीही नसलेली ती चकती फळीवर आपटून बेडकासारखी उडे आणि चौकटीबाहेर जाई, आणि तिच्या आवाजाने नातीची झोप मोडे. गालिचा तिचा वेग पितो. मात्र तो फार जाड असला तर चकती पडते तेथेच रुतते आणि घसरत जाऊन नळकांड्याला टेकण्याचे नाट्य संपते. आखूड, घट्ट विणीचा, कचेऱ्यांतून अंथरतात तसला तुकडा सर्वांत चांगला. टेक्ससमधील तापलेल्या, भेगाळलेल्या जमिनीवर जे काम धुळीने होई ते मिझुरीत गालिचा करतो.

आता त्या उतरत्या कडेचे कारण. अडीच इंचांची चकती आडवी, कशालाही न शिवता, चार इंचांच्या नळकांड्यात उतरावयाची तर तिचा मध्यबिंदू नळाच्या मध्याभोवतालच्या दीड इंच व्यासाच्या वर्तुळात पडला पाहिजे; त्या वर्तुळाचे क्षेत्रफळ पावणेदोन चौरस इंच, आणि पेटीचे आतील क्षेत्र एकशे चव्वेचाळीस. म्हणजे डोळे मिटून पेटीत टाकलेल्या एक्याऐंशी चकत्यांपैकी एक निर्विघ्न आत जाईल. परंतु जिचा मध्यबिंदू नळाच्या तोंडावर कोठेही आला ती चकती कडेवर कलंडून आत घसरण्याचा संभव असतो, आणि तेवढी सवलत धरली तर हेच प्रमाण साडेअकरात एक होते. एक्याऐंशी आणि साडेअकरा यांच्यामधला जो विस्तीर्ण मुलूख आहे तोच खरा रणसंग्रामाचा. तेथे चकती कडेवर टेकते, डोलते, आणि सर्वांचे श्वास रोखले जातात. कड बोथट असेल तर ती बाहेर पडते, उतरती असेल तर आत. आमच्या संचात तीन गुण शेजाऱ्यांच्या संचाहून अधिक वेळा मिळू लागले याचे श्रेय जावईबापू स्वतःच्या मनगटाला देतात. मी त्यांना कानशीविषयी अद्याप काही बोललेलो नाही. एरवी इतक्या दुर्मिळ गोष्टीला अवघे तीन गुण देणे हा मला कंजूषपणा वाटतो, आणि काही घरांत पाच देतात ते योग्यच होय.

वायसरही जसेच्या तसे वापरता येत नाहीत. ते पत्र्यातून ठोकून काढलेले असल्यामुळे त्यांची एक कड गुळगुळीत आणि दुसरी बोचरी असते. ती कानशीने मारली नाही तर तिसऱ्या डावात तर्जनी सोलते. दोन पक्षांचे चार-चार वायसर ओळखू यावेत म्हणून त्यांना रंग द्यावा लागतो, आणि तो आमच्याकडे नातीने आपल्या आईच्या नखरंगाच्या दोन बाटल्या रिकाम्या करून दिला. घरातल्या कपाटातील कोणत्याही रंगाहून तो अधिक टिकला.

फेकण्याविषयी मी अधिकारवाणीने बोलू नये, तरीही इतके सांगतो की चकती आडवी धरावी, अंगठा वर, मधले बोट खाली आणि तर्जनी कडेभोवती. हात खालून वर झोक्यासारखा न्यावा, आणि सोडताना तर्जनीने तिला फिरकी द्यावी. फिरती चकती भोवऱ्याप्रमाणे आपली पातळी सोडत नाही, आडवीच उडते आणि आडवीच पडते. न फिरणारी कोलांट्या खाते आणि धारेवर पडून फुलांच्या वाफ्याकडे जाते. झोक उंच घ्यावा, कारण वरून उतरणाऱ्या चकतीला नळाचे तोंड पुरते वाटोळे भेटते, सपाट येणारीला ते चिरेसारखे अरुंद भेटते. सात तोळ्यांचे पोलाद उंचावरून येत असते, याची आठवण मुलांना आणि त्यांच्या आज्यांना वेळोवेळी द्यावी.

गुणांचा हिशेब मला विशेष भावला, कारण तो सावकारी वहीसारखा आहे. एका फेरीत मी चार गुण केले आणि प्रतिपक्षाने तीन, तर माझ्या खाती चार जमा होत नाहीत. तीन वजा जाऊन बाकी एक मिळतो. दोघांनी सारखे केले तर फिटंफाट, कोणालाच काही नाही. त्यामुळे डाव लांबतो, आणि लांबावा हीच इच्छा असते. एकवीस नेमके व्हावेत की वर गेले तरी चालतील, वर गेल्यास मागे यावे की नाही, चौकटीच्या काठावर टेकलेली चकती आत धरावी की बाहेर, याविषयी प्रत्येक परसाचा रिवाज निराळा असून, पाहुण्याने खेळापूर्वी तो विचारून घ्यावा हे बरे. याच कुळातला ‘कॉर्नहोल’ नावाचा खेळ, ज्यात धान्याची थैली सत्तावीस फुटांवरील उतरत्या फळीच्या सहा इंची भोकात टाकतात, तो मात्र मोठ्या घरी दिला गेला. त्याचे संघ झाले, नियमपुस्तके झाली, २०१७ पासून त्याचे सामने दूरचित्रवाणीवर आले, आणि थैलीतल्या मक्याची जागा प्लास्टिकच्या दाण्यांनी घेतली. वायसरांचा डाव बहुतांशी परसातच राहिला. दुकानांत त्याचे तयार संचही मिळतात. मी एक पाहिला, आणि त्याची रंगवलेली पेटी इतकी हलकी होती की चकतीबरोबर तीही सरकत असे.

पुण्यास परतल्यावर मी हा संच पुन्हा केला, आणि तेव्हा आमच्या हार्डवेअरच्या दुकानाने त्याची सनद आपल्या पद्धतीने दुरुस्त करून दिली. नळ येथे ११० मिलिमीटरचा येतो, आणि आपल्याकडे नाव बाहेरच्या मापावरून पडत असल्यामुळे आतली पोकळी चार इंचांहून किंचित मोठी निघते. अडीच इंची वायसर सापडेना. दुकानदाराने, “आजोबा, एम छत्तीस घेऊन बघा,” म्हणून जो समोर ठेवला त्याचा व्यास ६६ मिलिमीटर, भोक ३७, जाडी ५. भोक मोठे म्हणून हलका आणि जाडी अधिक म्हणून जड, असा उणे-अधिक होऊन तो ९२ ग्रॅमचा, म्हणजे मिझुरीच्या भावाहून अर्ध्या तोळ्यानेच वजनदार भरला. फळीसाठी लाकडाच्या वखारीत गेलो तर तेथे माल मागू त्या मापाने चिरून देतात, तेव्हा जाडी किती हे एकदा विचारून न थांबता स्वतः टेप लावून पाहावी. आणि वायसर आठ लागतात, पण दहा घ्यावेत. दोन गवतात जातातच.